माल कमी निघाला

मी एक गेम बोलतोय. कॉम्प्युटरवर खेळतात तो. हसू नका! छत्री बोलते, फाटकी चप्पलसुद्धा आपली कहाणी सांगते, मग मीच तुमचं काय घोडं मारलंय?

नाव मात्र सांगणार नाही. ज्याला परत पाठवलंय त्यानं नाव मिरवू नये. एवढं समजा की मी ट्रक चालवायचा गेम आहे. खूप लांबच्या एका थंड देशात तीनशे माणसांनी चार वर्षं खपून मला घडवलं. माझ्यात पाऊस पडतो, वायपर फिरतात, चढावर इंजिन धापा टाकतं. मला त्याचा भारी तोरा होता. जाहिरातीत तर ठळक लिहिलं होतं, "नागपूर ते हैदराबाद, अगदी खरा रस्ता." तो खरा रस्ता त्यांनी आभाळातून काढलेले फोटो पाहून बनवला होता. एकानंही नागपूरची हवा खाल्ली नव्हती. पण हे मला तेव्हा कुठं ठाऊक?

आणि गंमत पाहा, जन्माआधीच मी विकला गेलो. माणसं अजून न झालेल्या वस्तूचे पैसे मोजून मोकळी होतात आणि वर तिची वाट पाहतात. पहिल्यांदा कळलं तेव्हा मी थक्कच झालो. त्यांच्या यादीत मी नुसतं एक राखाडी चित्र होतो. खाली लिहिलेलं, "लवकरच येत आहे." त्या चित्राकडं रोज एक माणूस येऊन पाहत बसायचा.

तो रामसिंग. पांढरकवड्याजवळच्या तांड्यावरचा बंजारा माणूस, वय बासष्ट. एकतीस वर्षं त्यानं नागपूर-हैदराबाद ट्रक चालवला. मग डोळ्यांना काचबिंदू झाला. आधी आरसे दिसेनासे झाले, मग बाजूनं येणारी मोटरसायकल. एक दिवस त्यानं स्वतःच किल्ली मालकाच्या टेबलावर ठेवली आणि घरी आला. नागपूरच्या डॉक्टरांनी सांगितलं, गेलेली नजर परत येत नाही. उरलेली किती दिवस टिकेल ते सांगता यायचं नाही, सहा महिने धरून चाला.

घरात बायको जमनी आणि मुलगी राखी. राखी ई-सेवा केंद्रात बसते, अख्ख्या तालुक्याचे फॉर्म भरते. माझी जाहिरात तिनंच बापाला दाखवली. तो मान डावीउजवीकडं हलवत दोनदा पाहून म्हणाला, "आपला रस्ता? खरंच? मंग बयाना देऊन ठेव बेटी. दिसते तोवर एकदा आपल्या गावातून गाडी काढतो."

बस्, एवढीच त्याची इच्छा होती. डोळे जायच्या आत ड्रायव्हरच्या सीटवरून एकदा आपलं गाव पाहायचं.

माझी तारीख पुढं गेली. मग पुन्हा पुढं गेली. प्रत्येक वेळी राखीच्या फोनवर माफीचं पत्र यायचं आणि ती ते बापाला वाचून दाखवायची नाही. इकडं जमनीच्या लक्षात यायचं की हा चहा कपाबाहेर ओततोय. ती मुकाट्यानं फडकं घेऊन पुसायची. मी जन्मायला उशीर करत होतो आणि इथं एका माणसाची नजर माझी वाट पाहता पाहता आटत होती. मला कोणी विचारलं असतं तर मी अर्धवट अंगानं धावत आलो असतो हो! पण मला कोण विचारतो?

शेवटी एका रविवारी सकाळी मी त्यांच्या कॉम्प्युटरवर उतरलो. राखीनं कुठूनसं जुनं स्टिअरिंग आणलं होतं. ते तिनं जमनीच्या शिलाई मशीनच्या पाटावर घट्ट बसवलं.

"माह्यावालं मशीन आता हैदराबादले जाईन काय?" जमनी म्हणाली. "चार ब्लाऊज राह्यले शिवायचे."

"तू पण बस ना पाठीमांगं," रामसिंग म्हणाला. त्यानं स्टिअरिंगला हात लावला, तो कपाळाला लावला आणि मला सुरू केलं.

काय सांगू तुम्हाला! तोवर मला शेकडो जणांनी चालवून पाहिलं होतं. गाड्या उडवत, खांबांना धडकवत, खिदळत. हा माणूस मात्र मला अशा हातांनी धरत होता की मला पहिल्यांदा वाटलं, माझ्यात खरंच इंजिन आहे. वळणाआधी गिअर कमी, चढाआधी जोर. समोरून गाडी आली की डिपर. पडदा छोटा असल्यामुळं त्याच्या उरलेल्या नजरेत अख्खा मावत होता. "सारं दिसून राह्यलं!" तो ओरडला. जमनीनं पदर डोळ्यांना लावला.

नागपूर सुटलं. बुटीबोरी आली, हिंगणघाट आलं. तो सीटवर पुढं सरकला. वेग कमी केला. जंगल आलं. रिकामा सरळ रस्ता आला. मग एक निळी पाटी आली. त्यानं गाडी बाजूला घेतली.

"राखी, बोर्ड वाच."

"तेलंगणा राज्यात आपले स्वागत आहे."

"म्हंजे पांढरकवडा गेला? माह्या ध्यानातच नाही आला?"

राखी म्हणाली, "गेला नाही, बा. आलाच नाही."

त्याला पटेना. आपली नजरच चुकली असेल म्हणून तो पुन्हा नागपूरला गेला. पुन्हा आला. एकेका खेपेला वीस मिनिटं. तिसऱ्या खेपेला त्यानं हिंगणघाटपासून गाडी रांगत आणली, मागच्या गाड्या हॉर्न वाजवून वैतागल्या. पाचव्या खेपेला तो त्या रिकाम्या सरळ रस्त्यावर उभा राहिला आणि त्यानं लांबलचक हॉर्न दिला. घरी आल्यावर दारातून हाक मारावी तसा. पण माझ्यात ते गावच नव्हतं! बनवणाऱ्यांना ते छोटं वाटलं होतं, त्यांनी गाळून टाकलं होतं. मला आयुष्यात पहिल्यांदा लाज वाटली.

"एकतीस साल गाडी चालवली अन् गाव सापडत नाही," जमनी हळूच म्हणाली. तिला त्याला हसवायचं होतं. तो हसला नाही.

"माल कमी निघाला," तो म्हणाला. "वापस कर."

परत करायचा नियम असा होता: चौदा दिवसांच्या आत, आणि खेळून दोन तास व्हायच्या आत. माझ्या घड्याळात एक तास चाळीस मिनिटं झाली होती.

"राहू द्या ना बा," राखी म्हणाली. "दुसरे रस्ते हायेत याच्यात. पैशाचं काय एवढं?"

"पैशाचं कोण बोलून राह्यलं? माल कमी आला तं बिल्टीच्या मागं लिहून द्या लागते. काय कमी हाये, किती कमी हाये, एकेक नग. मुकाट घेतलं तं पुढच्यालेही कमीच येते."

बिल्टी म्हणजे ट्रकसोबत जाणारा मालाचा कागद. एकतीस वर्षं या माणसानं दुसऱ्यांच्या गोदामांसमोर उभं राहून कमी मालाचे शेरे लिहून घेतले होते, खाली सही केली होती. आज पहिल्यांदा माल घेणारा तो होता. माझ्याबद्दल शेरा लिहिला जाणार म्हणून मी अंग चोरून बसलो.

राखीनं फॉर्म उघडला. कारणं तयारच होती: कॉम्प्युटरवर चालत नाही, चुकून घेतला, मजा आली नाही. तिनं 'इतर' निवडलं. एक चौकोन उघडला. पडद्यावर त्या फॉर्ममागं मी चालूच होतो. रामसिंगचा हात स्टिअरिंगवर तसाच होता.

"लिही," तो म्हणाला आणि त्यानं डोळे मिटले.

"वडनेरच्या पुढं वडकी. तिथं सकाळी सहाले आलूबोंडा भेटते, तो नाही. वडकीच्या पुढं देवधरीचा घाट, दोन्हीकून सागाचं जंगल, तो नाही. उतारावर गाडी न्यूट्रल नाही करायची, तिथं आपल्या बाबूलालची गाडी दरीत गेली होती. त्याच्या नावाचा दगड हाये डाव्या हाताले. तो नाही. लिहिलं?"

"लिहिलं."

घाट सांगताना त्याच्या हातातलं स्टिअरिंग वळत होतं. डावीकडं, मग सावकाश उजवीकडं, मग एकदम डावीकडं. त्याची वायर मला जोडलेली होती! एकेक वळण थेट माझ्या अंगात येत होतं. तीनशे माणसांनी चार वर्षांत मला जे दिलं नाही ते हा मिटल्या डोळ्यांचा म्हातारा शिलाई मशीनवर बसून देत होता. मी स्वतःला रस्ता समजत होतो. अहो, रस्ता काय असतो ते मला त्या दुपारी कळलं.

"करंजीचा चौक नाही. डाव्या हाताले वणी, उजव्या हाताले यवतमाळ..."

इथं चौकोन भरला. हजार अक्षरं संपली. राखीनं माझं घड्याळ पाहिलं, एक तास छप्पन्न मिनिटं. तिनं बापाकडं पाहिलं. त्याचे डोळे मिटलेले, चेहऱ्यावर ऊन पडलेलं. तिनं आवाज न करता 'पाठवा' दाबलं. आणि मग काय केलं असेल? ती तशीच कीबोर्डवर बोटं आपटत राहिली. टकटक, टकटक. एक अक्षर उमटत नव्हतं.

"सांगा बा. करंजीच्या पुढं?"

मी पाहतच राहिलो. माणसं असंही करतात!

तो सांगत गेला. पांढरकवड्याच्या खुनी नदीचा पूल. गावात शिरताना म्हशी आडव्या यायच्या ती जागा. बायपास झाल्यावरही तो मुद्दाम जुन्या रस्त्यानं गाडी आणायचा, कारण जमनी ठेचा-भाकरीचा डबा घेऊन पुलाजवळ उभी राहायची.

"डब्यात रोज ठेचा नसे," जमनी मध्येच म्हणाली. "मंगळवारी खीर राहे. तेही लिही."

"लिही. मंगळवारची खीर नाही."

टकटक, टकटक.

केळापूरच्या जगदंबेचं वळण, तिथं एक छोटा हॉर्न द्यायचा. पाटणबोरीला भागीरथाबाईचं हॉटेल, तिथं उधारी मागत नाहीत पण घरच्यांची खुशाली विचारतात. त्याच्या पुढं एकदा पहाटे वाघ रस्त्यावर बसलेला. सतरा गाड्या थांबल्या आणि कोणी हॉर्न वाजवला नाही. तो उठून गेल्यावरही थोडा वेळ कोणी गाडी सुरू केली नाही. मग पिंपळखुटीचा नाका. मग पैनगंगेचा पूल, पुलावर खिडकीतून एक रुपया नदीला.

त्यानं स्टिअरिंगवरून हात काढला. "बस. आता वाचून दाखव पूर्ण. सही करायच्या आधी वाचून घ्या लागते."

माझ्या छातीत धस्स झालं, म्हणजे जिथं छाती असायला हवी तिथं. राखीकडं करंजीपर्यंतच होतं. तिनं तेवढं पडद्यावरून वाचलं. मग तिनं मान वर केली आणि समोरच्या भिंतीकडं पाहत पुढचं सांगू लागली. पूल, म्हशी, डबा, खीर, देवीचा हॉर्न, भागीरथाबाई, सतरा गाड्या. ती बापासोबत ट्रकमध्ये एकदाही बसली नव्हती. एक नग चुकला नाही. पैनगंगेवर येऊन ती थांबली तेव्हा जमनी तिच्या पाठीवरून हात फिरवत होती.

"बरोबर हाये," रामसिंग म्हणाला. "पाठव." तिनं उगीचच एक बटण जोरात दाबलं.

तासाभरात उत्तर आलं. विनंती मंजूर, पैसे परत. मी आतला माणूस, मला ठाऊक आहे, ते कोणी वाचलं नव्हतं. दोन तासांच्या आत आहे ना, एवढंच एका यंत्रानं पाहिलं.

"वाचलं का त्याहीनं पूर्ण?" रामसिंगनं विचारलं.

"हो बा. पूर्ण."

"मंग जमलं. पुढच्यात टाकतीन." तो खरंच समाधानानं हसला. "आता याले वापस धाड. पैसे घेतले तं त्याचा माल ठेवून नाही घ्यायचा."

राखीनं मला काढून टाकायला सुरुवात केली आहे. पाऊस गेला, वायपर गेले, हिंगणघाटही आत्ताच गेलं. थोडाच उरलोय, तेवढ्यात एक मागणं मागतो. आमच्यातलं कोणाला परत पाठवाल तेव्हा कारणाच्या रकान्यात खरं काय ते लिहीत जा. वाचणारं कोणी नसेलही. पण ज्याच्याबद्दल लिहिता तो ऐकत असतो.

राखीनं स्टिअरिंग सोडवायला घेतलं. रामसिंग म्हणाला, "राहू दे. बस इथं. वडकीपासून धर, डोळे मीट. मी क्लीनरच्या जागेवर, किन्नर साईडले बसतो."

जमनीनं ब्लाऊजचं कापड घडी करून ठेवलं. राखीनं डोळे मिटले आणि पहिलं वळण घेतलं.

वायर अजून जोडलेली आहे. घाट येतोय.