आंब्याचा तोरा

आमच्या सेक्टरातल्या देवळाला तेव्हा भिंती नव्हत्या. वर पत्रे, खाली सतरंजी, आणि दर शनिवारी गंगारामबुवांचं कीर्तन. वाशीत दुसरं होतं तरी काय हो चौऱ्याऐंशी साली? पण मला तेवढं पुष्कळ होतं.

देवळाबाहेर गोजरा नारळ-फुलं-केळी घेऊन बसायची. खाडीकाठच्या गावातली. घरची भातशेती नव्या शहराखाली गेली, तेव्हापासून ही पाटीच तिचं शेत. आता तिथून रस्ता निघणार होता, म्हणजे पाटीही उठणार. त्यातच ग्राहक भांडारात विक्रेतीची एक जागा निघाली. अट दोनच: सातवी पास, ती गोजरा होतीच, आणि गणिताची लेखी परीक्षा.

"चारूताई, ही जागा गेली तं मी बसू कुटं?" गोजरा म्हणाली. "दादांना सांगा ना, जरा शिकवतील."

दादा म्हणजे आमचे हे, अरविंद. महाप्याच्या कारखान्यात हिशेबनीस. त्यांनी उत्साहानं पाटी-पेन्सिल काढली.

"ऐक. एका टोपलीत आंबे आणि केळी मिळून तीस फळं आहेत. आंबा दोन रुपयांना, केळं आठ आण्यांना. सगळ्यांची किंमत तीस रुपये. तर आंबे किती?"

"टोपली समोरच हाय ना?"

"हो."

"मंग मोजा की!"

ह्यांनी पेन्सिल खाली ठेवली. मी स्वयंपाकघरात पदर तोंडात कोंबला.

"तसं नाही. टोपली झाकलेली आहे असं समज."

"झाकलेल्या टोपलीला तीस रुपये मोजनारा हाय कोन? आनि आंबा कंचा? रायवळ दोन रुपयाला कोन घेल? मी तं देऊन दीड देईन."

तिनं लावलेल्या भावानं गणित केलं की उत्तर चुकायचंच! ती गणितातल्या मालाचासुद्धा भाव पाडून मगच बेरजेला बसायची. ह्यांनी क्ष मांडला, य मांडला. गोजरा त्या दोघांकडे, परगावचे पाहुणे न सांगता जेवायला आल्यासारखं बघत राहिली. आठ दिवसांत ह्यांची भूक मेली आणि परीक्षा येत्या सोमवारवर आली.

शनिवारी मी तिला म्हटलं, "पाटी झाक आणि आत चल. देवाला काळजी."

बुवांनी त्या दिवशी गोपाळकाला लावला होता. काय रंगले होते! पेंद्यानं शिळी भाकरी आणली, कुणी लोणचं आणलं, कुणी लोणी. लोणीवाले जरा लांबच बसले. "पण माझ्या कान्होबानं काय केलं? त्यानं आधी सगळ्यांना भाकरीवालेच धरलं! एका पंगतीला बसवलं, आणि मग लोण्याचा जो वरचा तोरा होता ना, तो बाजूला काढून ठेवला..."

"दहा!" माझ्या शेजारून आवाज आला.

तबला थांबला. बुवांनी चिपळ्या वरच्या वर धरल्या. "काय दहा, माउली?"

"आंबे, बुवा!" गोजरा उभीच राहिली होती. "समदी केळीच धरायची. तीस केळ्यांचं पंधरा रुपये. वरचं पंधरा कशाचं? आंब्यांच्या तोऱ्याचं! एकेका आंब्याचा तोरा दीड रुपया. मंग दहाच की आंबे!"

बुवांना गणित किती कळलं ते विठ्ठलाला ठाऊक. पण त्यांनी लगेच "दहा आंबे देवाचे" असा गजर धरला आणि आम्ही सगळ्यांनी टाळ्या धरल्या.

सोमवारी मी तिच्याबरोबर भांडारात गेले. पेपर झाला. व्यवस्थापक श्यामसुंदरराव कागद घेऊन तिच्यासमोर उभे.

"सहा तेलाच्या बाटल्या, दहा साबण. उत्तर बरोबर आहे. रीत कुठाय? नुसतं 'तोरा पाच रुपये' लिहिलंय! कुणाचं बघून लिहिलं?"

गोजराचा चेहरा उतरला. मला राहवेना. मी बाकावरूनच म्हटलं, "तोंडी विचारा ना, साहेब."

"विचारतो." साहेबांनी छताकडे बघून तिथल्या तिथं गणित रचलं. "वह्या आणि पेन्सिली मिळून वीस नग. वही दोन रुपये, पेन्सिल पन्नास पैसे. गिऱ्हाइकानं दिले चोवीस रुपये. वह्या किती?"

गोजरानं डोळे मिटले. ओठ हलले. मग तिनं डोळे उघडून साहेबांकडे अशी नजर टाकली की मला वाटलं, आता ही भाव पाडते!

"समद्या पेन्सिलीच धरल्या तं दहा रुपये. वर चौदा. वहीचा तोरा दीड. नऊ वह्या, अकरा पेन्सिली... साहेब, आठ आने उरतात."

"उरतील कसे?"

"तेच इचारते! तुमी गिऱ्हाइकाचे आठ आने जास्त घेतलेत."

साहेबांनी कागद ओढला, बोटं मोजली, पुन्हा मोजली. कानाच्या पाळ्या लाल झाल्या.

"गरीब मानूस आसल तो," गोजरा कळवळून म्हणाली. "पोरांच्या वह्या नेल्या त्यानं. लांब गेला नसंल. हाक मारा त्याला."

आणि काय सांगू, श्यामसुंदररावांनी खरोखर दाराकडे पाहिलं! मग खिशात हात घालून आठ आणे काढले आणि तिच्यापुढे ठेवले. "एक तारखेपासून ये. पण भांडारात भाव ठरलेले असतात. कमी-जास्त करायचे नाहीत."

"कमी तर नाहीच करनार," गोजरा म्हणाली. "आता माल माझा हाय ना!"

त्या शनिवारी आरतीचं ताट फिरलं तेव्हा तिनं ते आठ आणे त्यात टाकले.

"अगं, तुझ्या पहिल्या कमाईचे ना?" मी विचारलं.

"माझे कुटले, ताई? त्या वह्यावाल्याचे," ती म्हणाली. "पाच दिवस वाट बघितली. आला नाय बिचारा."