कुठल्या तोंडानं

कठड्यावर भाताची मूद ठेवून कनकाने ‘का, का’ अशी हाक घातली, आणि हात मागे घ्यायच्या आतच कावळ्याने पाठीमागून येऊन तिच्या टाळूवर झडप घातली. ती मटकन खाली बसली. नारळावरचे दोघे ओरडत उठले, विजेच्या तारेवरचे त्यांना सामील झाले आणि गच्चीवर एकच कालवा झाला. पदर डोक्यावर ओढून ती जिन्यात शिरली, तेव्हा बोटांना रक्त लागलं होतं. मूद तशीच राहिली. वरचं तूप ओघळून सिमेंटवर आलं होतं.

समोरच्या गच्चीवर अलमेलू तांदळाचे वडाम, म्हणजे पापड्या, वाळत घालत होती. तिने सगळं पाहिलं. एरवी ती हातातलं टाकून धावत आली असती. आज तिने रिकामं ताट उचललं आणि आत निघून गेली.

चेन्नईच्या अंबत्तूरमधल्या कारखान्यांमागच्या गल्लीतलं हे घर कनकाच्या नवऱ्याने, राघोत्तमने बांधलेलं. लग्न होऊन आल्यापासून कावळ्याला घातल्याशिवाय कनकाने घास घेतला नव्हता. इथल्या बहुतेक घरांची हीच रीत, आणि तंजावरहून आलेल्या त्यांच्यासारख्या मराठी घरांचीही. पितर कावळ्याच्या रूपाने येतात, असं सासू सांगायची. राघोत्तम गेल्यावर आपला त्यावर विश्वास आहे की नाही हे कनकाने स्वतःला कधी विचारलं नाही. पण मानेवरची पिसं विरळ झालेला एक म्हातारा कावळा मूद ठेवायच्या आधीच कठड्यावर येऊन बसे, आणि ती त्याला कालपासूनची सगळी हकिगत सांगे. तंजावरी मराठीत. मुलगा रघुराम कॅनडात होता आणि फोनवर तमिळच बोलायचा, त्यामुळे ती भाषा ऐकणारा घरात दुसरा कुणी उरला नव्हता.

तिची सगळी नोकरी रेल्वेच्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये गेली. साऱ्या कचेऱ्यांना तिचा आवाज पाठ होता. साहेब लोक त्याची तारीफ करत, आणि तीच जिन्यात समोर आली तर वाट मागून पुढे जात. निवृत्तीच्या समारंभात तर साहेबांनी हार शेजारच्या बाईच्या गळ्यात घातला. ही गोष्ट ती हसत सांगायची. “मझं तोंड कोण्ही बघितलंच नाही गे. कावळेच तेवढे ओळखतात.”

हे तिने विद्युलतालाही सांगितलं होतं. विद्युलता साताऱ्याची. पक्ष्यांना काय समजतं, कसं समजतं, यावर एका संस्थेत संशोधन करायला ती चेन्नईत आली आणि कनकाची वरची खोली तिने भाड्याने घेतली. पहिल्याच दिवशी तिने ‘मावशी’ अशी हाक मारली. कनकाला सख्खी बहीण नव्हती. साताऱ्यातल्या कुणा न पाहिलेल्या बाईची आपण बहीण झालो, याची तिला गंमत वाटली. पुढे संध्याकाळी दोघी पायरीवर बसून एकमेकींच्या मराठीला हसू लागल्या.

कावळे माणसांचे चेहरे लक्षात ठेवतात, हे विद्युलताने तिला समजावून सांगितलं. पकडणाऱ्याचा चेहरा ते वर्षानुवर्षं विसरत नाहीत, आणि ज्यांनी तो प्रसंग पाहिलाच नाही त्या पिल्लांनाही ओरडून शिकवतात. कनकाला यात नवल वाटलं नाही. आपल्या कावळ्यांविषयी कुणी शास्त्रात लिहिणार, याचं मात्र वाटलं.

मग एकदा विद्युलता म्हणाली, “मला एक भला चेहरा हवाय, मावशी. कावळ्यांचा भरवसा आहे असा. मुखवटा करायचाय.”

कनका खाटेवर आडवी झाली. नाकपुड्यांत दोन नळ्या घालून विद्युलताने तिच्या तोंडावर प्लास्टरच्या ओल्या पट्ट्या बसवल्या. कपाळावर, गालांवर, हनुवटीवर बोटं हळूहळू फिरत होती. आपल्या तोंडाला असा हात कुणी लावून किती काळ लोटला, हे पट्ट्यांखाली तिच्या ध्यानात आलं. प्लास्टर वाळेपर्यंत मुलीने तिचा हात धरून ठेवला होता. आतल्या आत कनकाला हसू आवरत नव्हतं.

त्यानंतर पुतणीच्या लग्नाला ती तंजावरला जाऊन आली. आली त्या दिवसापासून हे सुरू झालं.

मूद ठेवायला ती गच्चीवर आली की कावळे आरडाओरडा करत, झडप घालत. बाजारात निघाली तर तारेवरून कोपऱ्यापर्यंत पाठलाग करत. काहींच्या, त्या म्हाताऱ्याच्याही, पायांत रंगीत कडी दिसली. तिने विचारलं, तर ‘हो, आमच्याकडचीच’ एवढंच विद्युलता बोलली. कनकाने तूप बदललं, साडी बदलली, हाक मारायची जागा बदलली. पूजा सांगणाऱ्या वाध्यारांना विचारलं. ते म्हणाले, पितरांचं काहीतरी राहिलेलं दिसतं.

काय राहिलं ते तिने शोधून काढलं. तंजावरला जाताना राघोत्तमचे शर्ट तिने पुतण्याला द्यायला नेले होते. इतकी वर्षं कपाटात जपलेले, आणि एका दुपारी मनात आलं म्हणून पिशवीत भरले. न विचारता दिले म्हणून तो रागावला असणार. पायरीवर बसून हे सांगताना तिला रडू फुटलं. विद्युलताने पाणी आणून दिलं, पाठीवरून हात फिरवला. म्हणाली, “रोज घालता तसंच घालत राहा, मावशी.”

कनका घालत राहिली. मूद उन्हात सुकायची, मुंग्या लागायच्या, आणि ती दुपार टळल्यावर गार भात कसाबसा गिळायची.

टाळूला चोच लागली त्या संध्याकाळी कोपऱ्यावर कीरै, म्हणजे पालेभाजी, विकणारीपाशी अलमेलू भेटली. कनकाने तिची वाट अडवली आणि विचारलं, काय झालं आहे. अलमेलूने आधी जुडी निवडून घेतली. मग तमिळमध्ये, खालच्या आवाजात ती बोलली.

“तंजावरला जाते म्हणालीस. आणि गच्चीवर जाळं टाकत होतीस. मी हाक मारली. सरळ माझ्याकडे बघितलंस आणि पाठ फिरवलीस. इतक्या वर्षांत माझं काय चुकलं?”

“मी नव्हते.”

“हिरवी साडी तुझी. तोंड तुझं. माझे डोळे गेलेले नाहीत अजून. कावळ्यांना दाबून धरून पायांत कडी घालत होतीस, आणि हसत होतीस.”

कनका घरी आली. निघताना घाईत हिरवी सुती साडी दोरीवरच राहिली होती. परतली तेव्हा ती घडी करून कपाटात ठेवलेली होती, आणि मुलगी किती जाणती आहे, असं तेव्हा मनात आलं होतं. तिने घडी उलगडली. काठाच्या दोऱ्यात निळ्या नायलॉनची एक गाठ अडकलेली होती.

ती वर गेली. विद्युलता लॅपटॉपपुढे बसली होती.

“हिरवी साडी नेसून कोण होतं गे?”

विद्युलताने लॅपटॉप मिटला. ती म्हणाली, “कौशिक. आमच्या लॅबमधला. तुमचा मुखवटा घालून.”

मग तिने सगळं सांगितलं, काही न लपवता. कनकाला आधीच सांगितलं असतं, तर ती कठड्याशी बिचकत उभी राहिली असती. कावळे असलं लगेच टिपतात. मग ते चेहऱ्याला घाबरले की बिचकण्याला, हे वेगळं काढता आलं नसतं. पक्ष्यांना इजा झाली नव्हती, लगेच सोडले होते. “म्हणून कुणालाच माहीत नको होतं. कावळ्यांना नको आणि…”

“आणि मला.”

“हो.”

कनकाने त्यावर विचार केला. त्यात चूक काढता येत नव्हती. तेच तिला जास्त लागलं.

“भला चेहरा हवा म्हणालीस.”

“भलाच हवा होता. इतक्या वर्षांचा भरवसा एका प्रसंगात जातो का, हाच प्रश्न होता.”

“गेला?”

“गेला.” विद्युलता खाली बघत म्हणाली. “पण परत येईल, मावशी. तुम्ही रोज घालत राहिलात तर. किती दिवसांत, ते…” ती थांबली.

“ते तुला बघायचं आहे.”

खाली रस्त्यावरून कारखाना सुटलेल्यांच्या दुचाकी जात होत्या.

“शर्टांचं सांगितली तेव्हा मी रडली. तू बाजूस बसली होतीस.”

“दोनदा सांगायला खाली आले होते. पायरीवरूनच परत गेले.” विद्युलताचा आवाज बारीक झाला. “कुठल्या तोंडानं सांगणार होते, मावशी?”

“मझं होतं की तुझ्यापाशी,” कनका म्हणाली.

विद्युलता रडू लागली. कनकाने तिला रडू दिलं. मग हात पुढे केला. “ते मला दे.”

मुखवटा संस्थेचा आहे, अजून काही चाचण्या व्हायच्या आहेत, असं काहीसं विद्युलता पुटपुटली. कनकाचा हात तसाच राहिला. शेवटी मुलीने पलंगाखालचं खोकं ओढलं.

रबराचं होतं, हाताला गार लागलं. हनुवटीवरचा तीळसुद्धा बरोबर बसवला होता. ओठांच्या कडा जराशा वर गेल्या होत्या. पट्ट्यांखाली तिने दाबून धरलेलं हसू त्यात तसंच्या तसं उतरलं होतं. त्याच हसऱ्या तोंडाने म्हाताऱ्या कावळ्याला जाळ्यात धरलं होतं.

दुसऱ्या दिवशी भात झाल्यावर तिने मूद केली, वर तूप सोडलं. घरातल्या बोळात खिळ्याला राघोत्तमचं स्कूटरचं हेल्मेट होतं. ते तिने काढलं, आणि रिकाम्या खिळ्याला मुखवटा अडकवला, तोंड भिंतीकडे करून.

गच्चीवर जाताना तिने हेल्मेटची काळी काच खाली ओढली. वरच्या खिडकीत पडदा हलला. समोर अलमेलू वडाम उलटत होती, ती हात थांबवून बघत राहिली. काल संध्याकाळीच कनकाने तिला सगळं सांगितलं होतं. तिला ते पटलं की नाही, कळलं नव्हतं.

मूद ठेवून कनका दोन पावलं मागे सरली आणि हाक मारली. आवाज आतल्या आत घुमून तिच्याच कानावर आला. तारेवरचे कावळे हलले नाहीत. तिने पुन्हा हाक मारली, एक्स्चेंजमधून मारायची तशी, स्वच्छ आणि सावकाश.

म्हातारा कठड्यावर उतरला. पायात तांबडं कडं होतं. मान एकदा या बाजूला, एकदा त्या बाजूला करून त्याने काचेत पाहिलं. तिथे त्याला आभाळ दिसलं असेल, नारळ दिसला असेल. मग तो पुढे झाला आणि त्याने भातात चोच घातली.

कनकाचा हात काचेपर्यंत गेला आणि खाली आला.

“काल काय झालं, सांगत्ये,” ती काचेमागून म्हणाली. “तू जेव.”