चिकटून बसले ती मी

मी वार बोलतेय. हो, तीच, बाळाच्या मागून बाहेर पडणारी. माझं नाव चारचौघांत निघालं की बायका तोंडाला पदर लावतात आणि पुरुष खिडकीबाहेर बघतात. बाळाचं नाक कुणासारखं हे बघायला अख्खा गोतावळा जमतो, मला बघायला कोण येणार? तशी माझी तक्रार नव्हती. काम झालं की गुपचूप निघून जायचं, ही आमची रीत. मला तेवढंही जमलं नाही, आणि त्याचीच मेली लाज वाटते.

पारोळ्याच्या दिपमालाच्या पोटात माझा जन्म झाला. जागा शोधत मी खाली खाली गेले आणि गर्भपिशवीच्या तोंडाशीच ठाण मांडलं. तिथलं अस्तर खरवडलेलं होतं. अस्तर धड असलं की आम्ही त्यातच थांबतो. इथं थांबवायला काहीच नव्हतं, म्हणून मी आत शिरत गेले, पार मांसापर्यंत. बाळाला पोसायचं होतं हो मला. अधाशी म्हणा हवं तर.

ते अस्तर खरवडलं होतं पहिल्या बाळंतपणात. रीतीप्रमाणे दिपमाला तेव्हा माहेरी, भडगावला गेली होती. त्या वेळची वार, म्हणजे माझी थोरली बहीणच म्हणा, अडकून बसली. डॉक्टरांनी हात घालून ती काढली, वर गर्भपिशवी साफ करावी लागली. पण दिपमालाच्या आईनं, तानुबाईनं, सगळं ठीक असल्याचं सासरी फोन लावून कळवलं, "पोरगी झाली. बठ्ठं नॉर्मल शे."

ती तरी काय करणार? दिपमालाची सासू पुष्पाबाई एकदा भाजी निवडता निवडता शेजारच्या सुनेबद्दल बोलून गेल्या होत्या, "वार अडकेल बाई घरले लाभत नही." जिची वार अडकली ती घराला लाभत नाही, असं बोलणारी बोलून मोकळी झाली. ऐकणाऱ्यांच्या मनात ते घर करून राहिलं.

या वेळी दर तपासणीला पुष्पाबाईच सोबत यायच्या. प्रेमानं यायच्या हं, खोटं कशाला बोलू? रिक्षा खड्ड्यात आदळली की आधी त्यांचा हात सुनेच्या पोटावर जायचा. नर्स विचारायची, "पहिल्या वेळी वार आपोआप पडली होती ना?" दिपमाला सासूकडे बघायची आणि म्हणायची, "हो." मी आतून तडफडत होते, अगं सांग ना बाई! पण मला कुठलं आलंय तोंड!

दिवस भरत आले आणि एका सकाळी रक्त दिसलं. तिला धुळ्याच्या मोठ्या दवाखान्यात हलवलं. तिथल्या डॉक्टरीणबाई सोनोग्राफीत कितीतरी वेळ माझ्याकडे रोखून बघत राहिल्या. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"वार खाली आहे, सिझर करावंच लागेल," त्या म्हणाल्या. "पण मला ती आत रुतल्यासारखी वाटतेय. आधी कधी अडकली होती का? गर्भपिशवी साफ केली होती? तसं असेल तर मी तिला ओढणार नाही, आधी भरपूर रक्ताची सोय करीन. माहीत नसताना ओढली, तर ही टेबलावरच जाईल."

भडगावहून धावत आलेल्या तानुबाईनं छताकडे पाहिलं. पुष्पाबाई शेजारीच उभ्या होत्या. दिपमाला म्हणाली, "नाही."

डॉक्टरीणबाईंनी अशा "नाही" पुष्कळ ऐकल्या असाव्यात. त्यांनी दोघी विहिणींना बाहेर बसवलं आणि दार लावून घेतलं. तेव्हा कुठे दिपमालाला हुंदका फुटला. "मॅडम, अडकली होती. हातानं काढली. पण आईंना सांगू नका हो!"

जीव जायची वेळ आलेली, आणि पोरीला काळजी कसली, तर सासूला कळू नये याची!

रक्त जमवायचं तर कारण सांगणं भागच होतं. पुष्पाबाई विहिणीवर फाटकन ओरडल्या, "माले सांगं असतं ते मी काय खाई टाकती?" खरं सांगू? थोडं खाल्लंच असतं.

बाळ सुखरूप निघालं, चांगलं खणखणीत रडलं. मला कुणी ओढलं नाही, गर्भपिशवीसकट उचललं. दिपमाला वाचली. पण तिच्या पोटी आता पुन्हा मूल राहणार नाही. हे माझ्यामुळे झालं, आणि ते मी कुणाच्या पायावर डोकं ठेवून सांगू?

आता मी प्लास्टिकच्या डब्यात आहे, औषधाच्या पाण्यात, अजूनही गर्भपिशवीला चिकटलेली. तपासणीला लॅबमध्ये पोचवायचा म्हणून डबा दिपमालाच्या नवऱ्याच्या, भूपेंद्रच्या हातात दिला. त्यानं तो काळ्या थैलीत घातला, वर टॉवेल गुंडाळला. व्हरांड्यात गावाकडचे हिलालभाऊ भेटले. "त्यामा काय शे रे?"

"काही नही भाऊ, जेवणाचा डबा शे."

जेवणाचा! धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं मला. लॅब अजून उघडायची होती, म्हणून त्यानं मला दिपमालाच्या खाटेखाली सरकवलं. इथून पुढं माझे काप होतील, काचेवर लागतील, आणि मी संपेन. जाता जाता एकच मागते. डॉक्टर विचारतील तेव्हा माझं नाव घ्या, समोर सासू असो नाहीतर सासरा. लाजायचं ते मी लाजते, तुम्ही नका लाजू.

तेवढ्यात खाटेजवळ थांबलेल्या पुष्पाबाईंचा फोन वाजला. कानानं कमी ऐकू येतं, म्हणून त्या स्पीकरवरच बोलतात. एरंडोलहून त्यांची लेक मोनाली बोलत होती, तिलाही सध्या दुसऱ्यांदा दिवस गेलेत. "आई, वहिनी कशी आहे?"

"बरी शे. सिझर झालं, बाकी बठ्ठं नॉर्मल."

खाटेवरून दिपमालाचा कोरडा आवाज आला. "आई, तिला खरं सांगा. तिचीपण पहिली वार हातानंच काढली होती."

"कोन बोलनं?"

"बाळंतपणाच्या वेळी तुम्ही दाराबाहेर होतात, तिनंच मला नंतर सांगितलं. तुम्हाला कळू देऊ नको म्हणाली. तुम्ही शेजारच्या सुनेबद्दल बोललात, तेव्हा ती पण तिथंच भाजी निवडत बसली होती."

पुष्पाबाईंनी फोन तोंडाशी धरला. "मोनाली, तुन्ही वार अडकेल व्हती का? सांग बेटा. मी काही बोलणार नाही."

पलीकडून मोनालीचा दबका आवाज आला, "आई, हळू बोल ना. सासूबाई इथंच बसल्यात."