कचेरीबाहेरचा बाक आणि शकुबाईचे बक्षीसपत्र

मित्रांनो, माझ्यावर बसायचे असेल तर उजव्या बाजूला बसा. डावा पाय केव्हाच निखळला आहे. तिथे विटा लावून मला उभे ठेवले आहे. मी जमिनीच्या नोंदणी कचेरीबाहेरचा एक जुना सागवानी बाक आहे. माझा साग गडचिरोलीच्या जंगलात वाढला. मंगरू सुताराने मला घडवले. रंधा मारून झाल्यावर तो माझ्यावर तळहात फिरवून म्हणाला, "आता दोन पिढ्या बसतीन याच्यावर." सुरुवातीला दर दिवाळीला मला जवसाचे तेल लागे. पुढे आत लोखंडी खुर्च्या आल्या आणि मला ओसरीच्या टोकाला ढकलले. आता उन्हाने मी तडकतो, पावसाने फुगतो, आणि खर्रा, म्हणजे तंबाखू-सुपारी, चघळणाऱ्यांच्या पिचकाऱ्या अंगावर झेलतो.

वाट पाहणाऱ्यांना बसू देणे, एवढेच माझे काम. त्या सगळ्यांत शकुबाई माझ्या ध्यानात राहिली.

शकुबाई कुरखेड्याकडची. तिच्या बापाने तिला भाताचे एक वावर दिले होते. ते जिवंतपणीच आपल्या मुलाच्या, धनराजच्या नावे करावे म्हणून ती त्याला घेऊन आली. दस्त लिहिणारे गुणवंतराव माझ्या शेजारीच टेबल मांडून बसत. ते म्हणाले, "बाई, पोराले दिलं तरी वावराच्या सरकारी किमतीवर शुल्क लागते."

"मी विकून नाई राह्यली भाऊ, देऊन राह्यली."

"देण्यावरच लागते."

शकुबाईने कमरेची पिशवी चाचपली. मग म्हणाली, "चाल बापू. पुढच्या साली पाहू." मायलेक उठून गेले.

काही वर्षांनी नियम बदलला. राहते घर किंवा शेतजमीन नवरा-बायकोला, मुलांना, नातवंडांना बक्षीस दिली तर नाममात्र शुल्क, असे ठरले. माझ्यावर दाटीवाटीने माणसे बसू लागली. शकुबाई मात्र आली नाही. त्याच सुमारास धनराज तापाने गेला होता, हे मला फार उशिरा कळले.

ती आली यंदाच्या उन्हाळ्यात. सोबत धनराजची बायको पुनम होती. शकुबाई माझ्यावर टेकली तेव्हा तिचे वजन पूर्वीच्या निम्मेही राहिले नव्हते.

"भाऊ, वावर इच्या नावानं करा," ती गुणवंतरावांना म्हणाली. "पोंभुर्ण्याच्या एका भल्या माणसासंगं इचं लग्न जमवलं मी. परवा हाय."

गुणवंतरावांनी चष्मा काढला. "मंग आजच करा लागन. गेलेल्या पोराच्या बायकोलेबी सवलत आहे. परवा ते दुसऱ्या घरची झाली, का सवलत अडकन."

दस्त तयार झाला, पण आतला संगणक बंद पडला होता. सकाळपासून आलेली माणसे पेंगू लागली. तेवढ्यात मोटारसायकल थांबवून शकुबाईचा पुतण्या आदेश ओसरीवर चढला. त्याला गावात कळले होते.

"काकू, हे लग्न करून जाऊन राह्यली, अन् वावरबी घेऊन जाऊन राह्यली! धनराजदादाच्या मागं नांगर कोणं धरला?"

"तूनं धरला," शकुबाई म्हणाली. "अन् भाताची रोवणी कोणं केली? गुडघाभर चिखलात मायासंगं कोण होतं?"

 पुनम उठली. तिचे डोळे भरले होते. "आई, मले नको वावर. घरी चला. लोक काय म्हणतीन?"

शकुबाईने तिचे मनगट धरले आणि तिला पुन्हा माझ्यावर बसवले. "बस. मागच्या खेपेले मी इथूनच उठून गेली, अन् द्याले पोरगंच राह्यलं नाई. आता नाई उठत."

 आदेश खांबाला टेकून उभा राहिला. तोही निघून गेला नाही.

उन्हे कलल्यावर संगणक सुरू झाला. शकुबाईचे नाव पुकारले, तर दोन साक्षीदारांपैकी एक कंटाळून बसने निघून गेलेला. गुणवंतरावांनी हात टेकले. शकुबाई आदेशकडे वळली.

"तुले राग आला हाय, येऊ दे. पण मी साक्षीले बाहेरचा माणूस काऊन शोधू?"

 आदेश चप्पल काढून तिच्यामागे आत गेला.

दार उघडे होते, म्हणून आतले मला दिसत होते. आयुष्यभराच्या रोवणीने शकुबाईच्या अंगठ्याच्या रेषा झिजल्या होत्या. यंत्र तो अंगठा घेईना. पुनम पदराने तो पुसत होती, शकुबाई पुन्हा दाबत होती. नोंदणीच्या साहेबांनी विचारले, "आजी, कोणाचा दबाव तर नाही ना?"

"दबाव असता तं इतका दम कुठून आणला असता, साहेब?"

शेवटी अंगठा उमटला. आदेशने सही केली. तो हसला नाही. पण बाहेर येताना म्हातारीचा दंड त्यानेच धरला होता.

ती पुन्हा माझ्यावर बसली. "झालं ना बाई? मंग आता मी कोणाच्या वावरातला भात खाऊन राह्यली?"

"माया वावरातला," पुनम म्हणाली. मग आदेशकडे पाहून म्हणाली, "भाऊजी, नांगर तुमीच धरा. तुमचा वाटा ठेवा. पण आईचं भात पयले आईच्या घरी जाईन." आदेशने मान डोलावली आणि गाडी सुरू केली. शकुबाई तशीच बसून राहिली. तिला उठवत नव्हते.

मित्रांनो, माझी लाकडे आता थकली आहेत. मला तेल लावा, पाय बसवा, असे मी म्हणत नाही; झाले तर बरेच. एवढेच सांगतो की नियम बदलतात, शुल्क कमी होते, पण ओसरीवरचे ताटकळणे काही संपत नाही. तुमच्या घरातले कोणी म्हातारे माणूस असल्या कामाला निघाले, तर त्याला एकटे पाठवू नका. एकटे आलेले माणूस मला फार जड लागते.