एक नंबरची शिवण

जे मी पाहिले नाही, ते आधी सांगून टाकतो. एक नंबरच्या शर्टाची खांद्यावरची शिवण कशी सुटली, हे मी पाहिलेले नाही. त्या संध्याकाळी मी बाहेर दोरीवर ओला लटकत होतो आणि तो आत, मनोरमाच्या शिलाई मशीनजवळ, घडी होऊन पडला होता. आमच्यामध्ये एक भिंत होती. माझी साक्ष त्या भिंतीपर्यंतच धरावी.

मी बारा नंबरचा शर्ट बोलतो आहे. इंदूरच्या एका कापड गिरणीच्या पांढऱ्या ताग्यातून मी निघालो आणि त्याच गिरणीच्या व्हॉलीबॉल संघातल्या अशोकच्या अंगावर चढलो. अशोक लिफ्टर होता. लिफ्टर स्वतः क्वचितच गुण मिळवतो. पण चेंडू उंच ठेवायचा तो त्यानेच, आणि कोणी मारायचा हे क्षणात ठरवायचे तेही त्यानेच. हे सारे मी बाकावरून पाहिलेले आहे, कारण अशोक संघातला दुसरा लिफ्टर होता. पहिला खेळे, हा बसून राही.

मागावरही त्याची तीच गत होती. तो बदली कामगार होता. रोज सकाळी फाटकाशी उभे राहायचे. कोणी कायम कामगार आला नाही तर त्याच्या जागी आत जायचे, सगळे आले तर घरी परतायचे.

पहिली गिरणी बंद पडली तेव्हा तो दुसरीत गेला, तिथल्या पाळ्या कमी झाल्या तेव्हा तिसरीत, मग चौथीत. संघ बदलले, शर्ट तोच राहिला. आमच्या स्पर्धेत सगळेच संघ पांढऱ्यात खेळत. छातीवरची अक्षरे तेवढी वेगळी असत. जुनी अक्षरे अशोक ब्लेडने उसवी, नवी त्याची बायको मनोरमा शिवी. त्या दोघांच्या संसारात ही वाटणी ठरूनच गेली होती. मला उन्हात धरले तर सुईच्या भोकांमधून आधीच्या तिन्ही गिरण्यांची नावे आजही वाचता येतात.

चौथ्या गिरणीत माझी एक नंबरशी गाठ पडली. तो देवेंद्रचा, म्हणजे पहिल्या लिफ्टरचा शर्ट. कापड माझ्याच जातीचे, माप माझेच. पण सामना संपला की तो घामाने जड होऊन, मातीचे डाग मिरवत संघाच्या पिशवीत येई आणि मी त्याच्या शेजारी साबणाच्या वासाचा, इस्त्रीची घडीही न मोडलेला. मला त्याचा मत्सर वाटे. सौम्य शब्द शोधण्यात अर्थ नाही. न खेळता घरी आलेल्या मलाही मनोरमा नेमाने धुई, आणि ते धुणे मला सर्वांत जास्त लागे.

अंतिम सामन्याच्या आदल्या दिवशी संघाचे व्यवस्थापक अप्पासाहेब अशोकच्या परदेशीपुऱ्यातल्या खोलीवर आले. संघाचे शर्ट त्यांनी मनोरमासमोर ठेवले. सैल शिवणी तिने पक्क्या करायच्या होत्या.

"उद्या जे सहा खेळतील," ते अशोकला म्हणाले, "त्यांच्यातल्या बदलींची नावं मी कायम करायला वर घेऊन जाणार. ह्याच्या पुढचं मी काही बोलत नाही. पेपर वाचतोसच तू. हवा खराब आहे."

"पण देवेंद्र तर आधीच कायम आहे," मनोरमा म्हणाली.

"वहिनी, देवेंद्र कायम आहे म्हणून खेळत नाही. चांगला खेळतो म्हणून खेळतो."

एवढे मी खिडकीतून ऐकले. मग खिडकी लागली.

दुसऱ्या दिवशी सरावाचा पहिला चेंडू घ्यायला देवेंद्रने दोन्ही हात वर केले आणि एक नंबरची उजवी बाही खांद्यापासून सुटून कोपरावर आली.

"देवा भिया, बाही घरी विसरून आला काय," प्रेक्षकांतून कोणीतरी म्हणाले.

देवेंद्रने रागाने लोंबते धागे उपटून फेकले आणि शर्ट काढून टाकला. पंचांनी बजावले की नंबराचा धड शर्ट नसेल तर खेळाडू बाहेर. अशोक उभा राहिला. त्याच्या छातीचे ठोके मला मोजता येत होते. एक नंबर धुळीत पडला होता आणि मी आयुष्यात प्रथमच ताठ झालो होतो.

"अशोक, शर्ट काढ," अप्पासाहेब म्हणाले.

"जी?"

"देवेंद्रला दे. माप एकच आहे."

"मी खेळतो ना, अप्पासाहेब. मी तयारच आहे."

"तू तयार आहेसच रे. पण फायनल आहे. रिस्क कशाला घ्यायची?"

"सॉरी भिया," देवेंद्र म्हणाला. "अपने हातात काय आहे?"

अशोकला माझी बटणे लवकर सापडेनात.

मी खेळलो. घामाने भिजलो, मातीत लोळलो, हवे होते ते सारे मला मिळाले. देवेंद्रचे हात वर गेले की मला बाक दिसे. तिथे अशोक बनियनवर बसला होता आणि त्याची बोटे मांडीवर हलत होती. चेंडू कोणाला द्यायचा, ते देवेंद्रच्या आधी ठरवत होती. दोनदा देवेंद्र चुकला. बोटे चुकली नव्हती.

आम्ही जिंकलो. घरी मनोरमाने धुवायला मला उचलले आणि ती थांबली.

"हा तुमचा घाम नाही."

"नाही," अशोक म्हणाला.

खेळलेल्या सहांमधले दोन बदली कायम झाले. वर्ष सरण्याआधी गिरणीच बंद पडली आणि कायम, बदली सगळे एकाच फाटकाबाहेर उभे राहिले. दुरुस्तीला आलेला एक नंबर न्यायला देवेंद्र कधी आला नाही. अशोक सांवेर रोडवर प्लास्टिक पाइपांच्या कारखान्यात लागला. तिथे त्याला छापील नावाचा टी-शर्ट मिळाला. ते नाव उसवता येत नाही. मला त्याचाही मत्सर वाटला.

परवा त्यांच्या मुलीने, यामिनीने, आम्हाला ठेवलेली ट्रंक उघडली आणि एक नंबर बाहेर काढला. "आई, ह्याची बाही अशी का लटकून राहिली?"

अशोक मनोरमाला म्हणाला, "तेव्हा तू असं करायला नको होतं."

"मी?" ती म्हणाली. "मी तर इतकी वर्षं समजून राहिले की तुम्हीच केलं. म्हणून कधी विचारलं नाही. ब्लेड तुमच्याजवळ असायचं."

"मी हातसुद्धा नाही लावला. मला वाटलं, माझ्यासाठी तू..."

"मी त्याची ती बाही तपासलीसुद्धा नव्हती."

"म्हणजे शर्ट काय आपोआप उसवला?" यामिनीने विचारले.

मनोरमाने ट्रंक लावून घेतली.

आता आम्ही दोघे एकावर एक पडून आहोत. तो वर, मी खाली. कधीतरी पुसण्याची फडकी करायला आम्हाला बाहेर काढाल, तेव्हा एवढे करा: दोघांना बरोबर फाडा, त्याला माझ्या आधी नको. तोवर मी त्याची शिवण तपासत असतो. जीर्ण होऊन तुटलेला धागा टोकाला पिंजतो, ब्लेडने कापलेला पिंजत नाही. पण ते धागे देवेंद्रने मैदानावर उपटून फेकले. उरली आहेत ती नुसती भोके, आणि शिवण मनोरमाने अजूनही घातलेली नाही.