शांतवननं टाळी धरली

एकाहत्तर साली तिसगावच्या सप्ताहाचा सिनेमा काढायचं भिमाजी गुरुजींच्या मनानं घेतलं. कॅमेरा चालवायला आणि फिल्म कापून जोडायला माणूस मात्र एकच, शांतवन. कॅमेरा चावीचा, फिल्म बेताची, आवाजाची तर सोयच नाही. हंडी फुटताना दिसणार, असा शब्द गुरुजी गावाला देऊन बसले होते.

काल्याच्या कीर्तनात सहादेवबुवा काय रंगले म्हणता! मृदंग चढला, बुवांनी हंडीवर काठी उगारली आणि गजर केला. शांतवनचे आजोबा ख्रिस्ती कीर्तनकार. गजर कानी पडला की त्याचे हात त्याचे राहत नसत. त्यानं चालता कॅमेरा तसाच सोडला आणि टाळी धरली. तिपाईवरच्या कॅमेऱ्यानं मान खाली टाकली. हंडी फुटली तेव्हा तो भलतीकडेच बघत होता. शेवटची फिल्मही तिथंच संपली.

फिल्म मुंबईहून धुऊन आली. शांतवन कात्री घेऊन बसला नि पुटपुटायला लागला. कुणाशी बोलताय, असं बायकोनं, दयानं, विचारलं.

"कॅमेरावाल्याशी. गाढव आहे लेकाचा."

"मग कात्रीवाल्यानं तरी शहाणं व्हावं."

टाकायला काढलेला तुकडा त्यानं पुन्हा उजेडात धरला. बायकांची पुढची रांग, वर केलेली तोंडं, त्यांवर पडणारं दही. उगारलेल्या काठीला त्यानं तोच तुकडा जोडला आणि गुरुजींना खरं काय ते सांगून टाकलं. गुरुजी तोंड पाडूनच खेळाला आले.

दिवेलागणीनंतर देवळापुढं धोतर ताणलं. सिनेमा मुका, म्हणून बुवा स्वतःच टाळ घेऊन गायला उभे राहिले. काठी उठली आणि धोतरभर छबूबाईचं तोंड आलं, आ वासलेलं.

"छबे, तोंड मिट की गं," साळूबाई म्हणाली.

"का म्हनून? परसाद पडतुया," छबूबाई म्हणाली. देऊळ हसून दणाणलं.

गुरुजी बुवांच्या कानाशी लागले, हंडी राहिली म्हणाले.

"हंडी मी दरसाल बघतो, गुरुजी," बुवा म्हणाले. "नजर सारी वर. खाली माणसं अशी दिसतात, हे आज कळलं. परत लावा."

परत लावलं. मग आणखी एकदा. कॅमेरा कसा कलला, ते शांतवननं हात जोडून सगळ्यांना सांगितलं, तशी मागच्या रांगेतली केशरबाई उठून उभी राहिली.

"पुढल्या साली आमच्या बाजूला कलंडू दे रं बाबा. आमी काय दही खाल्लं न्हाई व्हय?"