नवरीशिवाय धवला नाही

माझं काम ऐकण्याचं. बोल म्हणून कुणी सांगितलेलं नाही, तरी आज बोलतो. मी आवाज टिपणारा रेकॉर्डर. चष्म्याच्या डबीएवढा, डोक्यावर दोन माइक.

जन्म कारखान्यातला, त्यामुळे आईची अंगाई वगैरे काही आठवत नाही. पहिल्या मालकाने हौसेने आणलं आणि अकरा महिने कपाटात मोज्यांशेजारी ठेवलं. मग विनिताने मला जुना म्हणून घेतलं.

विनिता छोट्या, स्वतंत्र सिनेमांना संगीत देते. ज्यांची पोस्टरं एसटी स्टँडवर लागत नाहीत, असे सिनेमे. मिठागरातल्या फावड्याची खरखर, न्हावा शेव्याला कंटेनरची दारं आपटतात तो ठेका, सगळं तिने माझ्यात भरलं. पेटी, ढोलकी स्वतः वाजवते. गात मात्र नाही. दुसऱ्यांचे श्वाससुद्धा कान देऊन ऐकणारी ही बाई स्वतःचा आवाज का लपवते, हे मला कोडंच होतं.

मार्चमध्ये तिने मितेशशी लग्न केलं, रजिस्टर पद्धतीने, दहा मिनिटांत. सासर उरणकडचं. सासूबाईंनी, केसरबाईंनी, मला उलटंपालटं करून पाहिलं.

"मितेशचं दाढीचं मशीन का गो हे?"

नव्या सिनेमात लग्नाचा प्रसंग होता. दिग्दर्शक सिद्धेशला खरा धवला हवा होता. आगरी लग्नात विधींबरोबर गातात तो. "शनिवारपर्यंत दे, नाहीतर दुसरा संगीतकार बघतो," तो फोनवर म्हणाला. विनिताचा हा पहिलाच मोठा सिनेमा.

शेजारच्या गोदूआजी चाळीस वर्षं धवले गातात. विनिताने मला त्यांच्यासमोर ठेवलं.

"नवरी कुठं हाय?"

"नवरी नाही आजी, सिनेमासाठी फक्त..."

"मंग हलद कोनाला लावू? या मशीनला?"

केसरबाई दारातून म्हणाल्या, "हिलाच लाव. हिच्या लग्नात कुठं धवला झाला? सही केली नि आली."

पाट मांडला. हळद लागली, एक बोट माझ्याही अंगावरून फिरलं. आजींनी विनिताचं नाव गुंफून धवला म्हटला. मी तेरा मिनिटं टिपला. मधे कुणीतरी नाक ओढलंय. आजींनी नाही.

"ह्यो तुजा," आजी उठताना म्हणाल्या. "पिच्चरला दुसरा बघ."

शुक्रवारी दुपारी विनिता तो धवला दोनदा ऐकत बसली. पाठवणं एका बोटाचं काम. आजींना कळलंही नसतं. मग तिने हेडफोन काढला, खिडकी लावली आणि स्वतः गायली. शब्द तिचे, चाल तिची. पहिल्यांदा आवाज कापला, तिसऱ्यांदा ठरला. लपवण्यासारखा तर मुळीच नव्हता. तेच तिने पाठवलं.

"हा धवला नाही," सिद्धेशचा लगेच फोन.

"नाही. धवला मिळणार नाही. हे माझं गाणं आहे."

"प्रसंगावर लावून बघतो," म्हणाला.

आज सकाळी निरोप आला: ठेवतोय. गायिका म्हणून कुणाचं नाव टाकू?

तेव्हापासून ती मोबाइल हातात घेऊन बसली आहे. लिहिते, पुसते. मी समोरच आहे, बंद. बंद असताना मला कुणी ऐकत नाही, तरी सांगतो: विनिता, लाजू नकोस. तुझं नाव लिही.